राजा तोच, मावळा नवा



तानाजी मालुसरे कोंढाण्यावर पडले, ही गोष्ट महाराष्ट्रात चौथीच्या मुलालाही पाठ असते. शेवट आधीच ठाऊक असलेल्या या गोष्टीवर बाबुराव पेंटरांनी १९२३ मध्ये 'सिंहगड' हा मूकपट काढला. हरिभाऊ आपट्यांची 'गड आला पण सिंह गेला' ही कादंबरी त्याला आधार होती आणि शेलारमामाचं काम व्ही. शांताराम या तरुणाने केलं होतं. त्याच शांतारामांनी दहा वर्षांनी प्रभातसाठी बोलता 'सिंहगड' केला. २०२० मध्ये ओम राऊत यांचा 'तान्हाजी' हिंदीत आला आणि देशभर चालला. त्याला चार वर्षं व्हायच्या आत, ऑगस्ट २०२३ मध्ये, दिग्पाल लांजेकर यांनी 'सुभेदार' आणला. तोच गड, तीच रात्र, तोच कडा. लोकांनी तो पुन्हा तिकीट काढून पाहिला. पावनखिंडीचंही तेच. भालजी पेंढारकरांची १९५६ ची, लांजेकरांची फेब्रुवारी २०२२ ची, आणि त्याच वर्षीच्या दिवाळीत 'हर हर महादेव' या नावाने आलेली तिसरी. नेताजी पालकरांवर शांतारामांनी १९२७ मध्ये मूकपट केला, भालजींनी १९३९ मध्ये बोलपट. शंभर वर्षं एक समाज त्याच चार-सहा लढाया पडद्यावर पाहतो आहे आणि त्याला कंटाळा येत नाही. का येत नाही, एवढाच आजच्या व्याख्यानाचा विषय आहे.

सोपं उत्तर जवळच आहे. शिवाजी महाराज हे महाराष्ट्राचं दैवत, आणि दैवताच्या कथेचा कंटाळा कोणाला यावा? उत्तर खोटं नाही, पण अपुरं आहे. महाराजांचं चरित्र सलगपणे सांगणारे चित्रपटही झाले आणि त्यांतले काही चांगले होते. भालजींच्या १९५२ च्या 'छत्रपती शिवाजी'त चंद्रकांत मांडरे यांनी उभे केलेले महाराज कित्येकांच्या डोळ्यांसमोर अजून असतील. पण पुन्हा पुन्हा काढला गेला तो महाराजांचा चित्रपट नाही. तानाजींचा, बाजीप्रभूंचा, नेताजींचा काढला गेला. या मालिकांचं खरं इंधन राजा नसून राजासाठी लढणारा, नावानिशी ओळखला जाणारा एकेक माणूस आहे, असं माझं म्हणणं आहे. प्रेक्षक लढाईचा निकाल पाहायला जात नाही. दिलेला शब्द एका माणसाने कसा पाळला, ते डोळ्यांनी पाहायला जातो. दांडपट्टा, भाला, तलवार ही त्या शब्दपालनाची दिसणारी बाजू.

याचा सगळ्यात स्पष्ट पुरावा लांजेकरांच्या 'शिवराज अष्टका'च्या रचनेतच मिळतो. आठ चित्रपटांचा संकल्प करून त्यांनी २०१८ मध्ये 'फर्जंद' आणला. १६७३ मध्ये अवघ्या साठ माणसांनिशी पन्हाळा घेणारे कोंडाजी फर्जंद हा त्याचा नायक. मग २०१९ मध्ये लाल महालावरच्या छाप्याचा 'फत्तेशिकस्त', २०२२ मध्ये दोन महिन्यांच्या अंतराने 'पावनखिंड' आणि 'शेर शिवराज', आणि २०२३ मध्ये 'सुभेदार'. या पाचही चित्रपटांत महाराज चिन्मय मांडलेकर आणि जिजाऊ मृणाल कुलकर्णी. ते बदलत नाहीत. बाकीच्यांकडे पाहा. अंकित मोहन 'फर्जंद'मध्ये कोंडाजी होतात, 'फत्तेशिकस्त'मध्ये येसाजी कंक, 'पावनखिंड'मध्ये रायाजी बांदल. अजय पुरकर खिंडीत बाजीप्रभू म्हणून धारातीर्थी पडतात आणि दीड वर्षाने तानाजी म्हणून कोंढाण्यावर पुन्हा पडतात. एखाद्या इंग्रजी मालिकेत मागच्या भागात मेलेला नट पुढच्या भागात वेगळ्याच नावाने उभा राहिला, तर प्रेक्षक बावचळतील. इथे कोणाला काही वाटत नाही. राजा आणि आई ही न हलणारी चौकट आहे आणि तिच्या आतली जागा दर वेळी नव्या माणसासाठी रिकामी होते, हे प्रेक्षकाला न सांगता समजलेलं असतं.

जगातल्या दोन मोठ्या लढाऊ चित्रमालिकांशी ताडून पाहिलं, की हे वेगळेपण उठून दिसतं. हाँगकाँगमध्ये वाँग फे-हुंग या प्रत्यक्षात होऊन गेलेल्या वैद्य-वस्तादावर १९४९ पासून चित्रपट निघू लागले. क्वान तक-हिंग या एकाच नटाने सत्तराहून अधिक चित्रपटांत ती भूमिका केली. एकट्या १९५६ सालात पंचवीस चित्रपट आले. जपानमध्ये आंधळा मालिशवाला तलवारबाज झातोइची १९६२ मध्ये अवतरला आणि शिंतारो कात्सू यांनी तो सव्वीस चित्रपटांत केला. दोन्हीकडे नायक एकच असतो, बदलतो तो प्रतिस्पर्धी. अन्याय चाललेला असतो, नायक मध्ये पडतो, लढतो, विस्कटलेली घडी बसवतो आणि पुढच्या चित्रपटात पुन्हा उभा राहतो. तो मरत नाही; मरून चालणारच नाही, कारण मालिका त्याच्या जिवावर चाललेली असते. आपल्याकडे गणित उलटं आहे. इथे मालिका मरणांवर चालते. बाजी पडले तरी राजा विशाळगडावर पोहोचतो, आणि राजा पोहोचला म्हणूनच दहा वर्षांनी तानाजींना पडायला कोंढाणा उरतो. प्रत्येक भागाचा शेवट पुढच्या भागाची सोय करून ठेवतो, आणि ही सोय कोणा पटकथाकाराने केलेली नाही. ती सतराव्या शतकातच झालेली आहे.

हा साचा सिनेमाने शोधला, असंही नाही. पोवाडा तो आधीच घेऊन बसला होता. अफजलखानाच्या वधावरचा अज्ञानदासाचा पोवाडा, सिंहगडावरचा तुळशीदासाचा पोवाडा, दोन्हींचा घाट एकच: प्रसंग एक, माणूस एक, शेवट सगळ्यांना ठाऊक. अ‍ॅक्वर्थ आणि शाळिग्राम यांनी १८९१ मध्ये ऐतिहासिक पोवाड्यांचा संग्रह छापला तेव्हा हे सगळं गोंधळ्यांच्या आणि शाहिरांच्या तोंडी जिवंत होतं. संस्कृतातही तेच. पन्हाळा घेतल्याच्या सुमारासच जयराम पिंड्ये यांनी 'पर्णालपर्वतग्रहणाख्यान' रचलं. म्हणजे घटना घडली आणि पाठोपाठ तिचं आख्यान झालं. ऐकणारा पोवाड्याला बसतो तो पुढे काय झालं हे कळावं म्हणून बसत नाही. झालेलं पुन्हा एकदा, नावागावासकट, म्हटलं जावं म्हणून बसतो. कीर्तनातलं आख्यानही असंच ऐकलं जातं. बाबुराव पेंटरांच्या पुढ्यात १९२३ साली जो प्रेक्षक बसला, तो पिढ्यान् पिढ्या या सवयीत तयार झालेला होता. त्याला चलच्चित्र नवं होतं. पुनरावृत्ती नवी नव्हती.

आता प्रत्यक्ष लढाईकडे वळू, कारण या चित्रपटांत लढाई हा केवळ मसाला आहे असं म्हणणारे बरेच आहेत. कृष्णाजी अनंत सभासदाने १६९७ च्या सुमारास जिंजीला राजाराम महाराजांच्या आज्ञेवरून बखर लिहिली. तानाजी आणि गडाचा किल्लेदार उदेभान यांचं द्वंद्व त्याने मोजक्या वाक्यांत उरकलं आहे. तानाजींच्या डाव्या हातातली ढाल तुटली, दुसरी वेळेवर मिळाली नाही, मग त्यांनी डाव्या हाताचीच ढाल केली, त्यावर वार झेलले, आणि दोघेही ठार झाले. एवढंच. या मजकुरात शौर्याचं एकही विशेषण लागत नाही. ढाल तुटते आणि माणूस मागे सरकण्याऐवजी स्वतःचा हात पुढे करतो, या एका हालचालीत सगळं येतं. नंतर आलेल्या प्रत्येक नाटकाने, चित्रपटाने आणि शाळेच्या स्नेहसंमेलनाने ही हालचाल जपली आहे. संवाद बदलले, उदेभान कधी राक्षस झाला कधी नुसता किल्लेदार राहिला, पण तो हात सगळीकडे आहे. लढाऊ चित्रपटाचं हेच बलस्थान असतं. निर्णय तोंडाने सांगावा लागत नाही, अंगाने घेतला जातो.

घोडखिंडीत, म्हणजे आजच्या पावनखिंडीत, तर लढाईचा अर्थच बदलतो. १२ जुलै १६६० च्या रात्री, भर पावसात, महाराज पन्हाळ्याला पडलेल्या सिद्दी जौहरच्या वेढ्यातून निसटले. दुसऱ्या पालखीत महाराजांच्या वेशात बसून शिवा काशीद शत्रूच्या हाती गेले. विशाळगडाची वाट साठेक किलोमीटरची, आणि पाठलाग अंगावर आलेला. खिंडीत थांबलेल्या बाजीप्रभूंना आणि बांदलांच्या माणसांना शत्रूचा पराभव करायचा नव्हता. तो शक्यही नव्हता. त्यांना वेळ काढायचा होता. विशाळगडावरून तोफेचे आवाज येईपर्यंत वाट अडवून धरायची, एवढंच काम. त्यामुळे पडद्यावर किती माणसं कापली याचा हिशेब प्रेक्षक ठेवत नाही, तो कान देऊन बसतो. इंग्रजी युद्धपटात शेवटची मारामारी जितकी लांबते तितकी कंटाळवाणी होते. इथे लांबणं हाच विषय आहे. बाजी उभे आहेत तोवर राजा चालतो आहे, हे समीकरण मनात बसलं की तलवारीचा प्रत्येक घाव म्हणजे राजाची पुढे पडलेली काही पावलं होतात. 'पावनखिंड' करोनामुळे कैक महिने रखडला, आणि थिएटरं पुन्हा भरतील की नाही या शंकेच्या काळात लोक तो पाहायला आले. त्या गर्दीचं श्रेय मी गाण्यांना आणि जाहिरातीला देतोच, पण त्याहून जास्त या समीकरणाला देतो.

दांडपट्ट्याबद्दल दोन शब्द बोलायला हवेत, कारण २०२४ मध्ये राज्य शासनाने त्याला राज्यशस्त्राचा मान दिला आणि या चित्रपटांचं तर ते बोधचिन्हच झालं आहे. पट्ट्याचं पातं लांब, सरळ आणि लवचीक. मूठ पोलादी हातमोज्याच्या आत आडवी असते आणि मोजा कोपराकडे जातो. त्यामुळे मनगट जखडून जातं. तलवारीसारखा मनगटाने वार फिरवता येत नाही. पट्टा खांद्यातून आणि कमरेतून फिरवावा लागतो, आणि पाय सतत जागा बदलत राहतात. समोरासमोरच्या द्वंद्वापेक्षा चार बाजूंनी आलेल्यांना दूर ठेवायला हे हत्यार जास्त कामाचं. कोल्हापूरच्या तालमींत हलगी-घुमक्याच्या ठेक्यावर मर्दानी खेळ चालतात, तेव्हा पट्टेकरी जमिनीवर ठेवलेलं लिंबू पळत्या पवित्र्यात, न थांबता, दुभंगून जातो. पाहणाऱ्याचा श्वास अडकतो तो पात्याच्या वेगाने नव्हे. इतक्या मोठ्या वर्तुळाचं टोक इतक्या लहान जागी बरोबर उतरतं म्हणून. एकाने अनेकांना अडवायचं हत्यार आणि एकाने अनेकांना अडवल्याची कथा, ही जोडी आपोआप जमलेली आहे.

आणि इथेच आजच्या चित्रपटांवर माझा मोठा आक्षेप आहे. लिंबू कापणारा तो पट्टेकरी त्यांना दाखवताच येत नाही. कॅमेरा पट्टा उचलेपर्यंत थांबतो आणि वार सुरू झाला की दुसरीकडे पळतो. चेहरा, रक्त, मंदगतीतली उडी, पुन्हा चेहरा. पायांचे पवित्रे चौकटीत येतच नाहीत. हाँगकाँगच्या लाऊ कार-ल्युंग यांच्याशी तुलना करा. त्यांचे वडील वाँग फे-हुंगच्या शिष्याचे शिष्य. ती विद्या घरात होती. १९७८ च्या 'थर्टी-सिक्स्थ चेंबर ऑफ शाओलिन'मध्ये त्यांनी चित्रपटाचा मधला मोठा भाग नुसत्या तालमीला दिला आणि कॅमेरा दूर, स्थिर ठेवून माणूस डोक्यापासून पायापर्यंत दाखवला. आपल्याकडेही हे अशक्य नव्हतं. मूकपटांच्या काळातला तलवारबाज नायक मास्टर विठ्ठल कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीतूनच पुढे आला आणि 'आलम आरा'चा नायक झाला. स्टुडिओच्या भिंतीपलीकडे तालमी होत्या. आज तालमी आहेत, खेळ आहे, वस्ताद आहेत. पडद्यावर येतो तो मात्र संगणकाने रंगवलेला कडा आणि लांबच लांब संवाद. तरीही चित्रपट चालतात, ही गोष्ट माझ्या म्हणण्याला उलट बळच देते. निव्वळ लढण्याच्या कौशल्यावर ही मालिका उभी असती तर केव्हाच आडवी झाली असती.

माझ्या म्हणण्यावर पहिली शंका घ्यावी ती या मालिकेतूनच. 'शेर शिवराज'मध्ये लढणारे स्वतः महाराज आहेत, लाल महालात शिरणारेही तेच. मग मावळ्याचा सिद्धान्त कुठे टिकला? पण प्रतापगडाची गोष्ट लोकांनी कशी लक्षात ठेवली ते पाहा. अफजलखान पडला, सय्यद बंडाने हत्यार उपसलं, आणि जिवा महालाने त्याचा हात वरच्या वर छाटला. होता जिवा म्हणून वाचला शिवा, असं आपण आजही सहज बोलून जातो. राजाच्या सर्वांत वैयक्तिक पराक्रमातही लोकांनी त्याला एकटं सोडलं नाही. शेवटचा वार एका साथीदाराच्या वाट्याला दिला. उलट जिथे साथीदार नाही आणि हत्यारही नाही, तिथे नाट्य कितीही असलं तरी मालिकेला त्याचं काही करता येत नाही. उदाहरण याच शहरातलं, तेव्हाच्या औरंगाबादेतलं आहे. १६६६ मध्ये आग्र्याला जाताना महाराज इथे आले. सुभेदार सफशिकनखान स्वतः सामोरा आला नाही, त्याने पुतण्याला पाठवलं. महाराजांनी त्याची दखल न घेता थेट आपला मुक्काम गाठला, आणि शेवटी खानालाच भेटीला यावं लागलं. भीमसेन सक्सेना या मोगलांच्या चाकरीतल्या माणसाने लिहून ठेवलेला हा प्रसंग. एक थेंब रक्त नाही, आणि मोगल सुभ्याच्या राजधानीत मोगल सुभेदाराची मान खाली. यावर स्वतंत्र चित्रपट करावा असं आजवर कोणाला वाटलेलं नाही.

दुसरी हरकत गंभीर आहे आणि या शहरात उभं राहून ती टाळता येणार नाही. हे चित्रपट चालतात ते अस्मितेच्या राजकारणामुळे, पुढारी मोफत खेळ लावतात म्हणून, आणि त्यांतला शत्रू कोणत्या धर्माचा आहे यामुळे, असं म्हणतात. फेब्रुवारी २०२५ मध्ये लक्ष्मण उतेकर यांचा 'छावा' आला. महिनाभरात इथून पंचवीसेक किलोमीटरवरची खुलताबादची औरंगजेबाची कबर हटवण्याची मागणी पेटली, कबरीला पोलिसांचा पहारा बसला, १७ मार्चला नागपुरात हिंसाचार झाला, आणि लोकांच्या भावना या चित्रपटाने चाळवल्याचं मुख्यमंत्र्यांनीच विधानसभेत सांगितलं. हे सगळं आपल्या डोळ्यांदेखत घडलेलं आहे. चित्रपटाचा राजकारणाशी संबंध नाही, असं मी म्हणणार नाही. तो कधी नव्हता असंही नाही. १९३० मध्ये शांतारामांनी केलेल्या चित्रपटाचं 'स्वराज्य तोरण' हे नाव ब्रिटिश सेन्सॉरला खुपलं आणि तो 'उदयकाल' होऊन आला. तेव्हाच्या प्रेक्षकाला पडद्यावरच्या मोगलांमागे इंग्रज दिसत होता. राज्यकर्ते बदलले, शत्रूचा अर्थ बदलत गेला, साचा मात्र तोच राहिला. म्हणून राजकारणाने लाट कधी उठते ते कळतं; लाट ओसरल्यावरही लोक याच चार-सहा माणसांकडे का परततात, ते त्याने कळत नाही.

मात्र एक भेद मला करावासा वाटतो. साथीदाराच्या निष्ठेवर उभा राहिलेला चित्रपट आणि शत्रूच्या क्रौर्यावर उभा राहिलेला चित्रपट, यांचे परिणाम एक नसतात. 'छावा'चा शेवट संभाजी महाराजांच्या अनन्वित छळाचा आहे. इतिहासात तो छळ झाला, तो दाखवण्यात खोटेपणा नाही. पण तिथे प्रेक्षकाचे डोळे छळणाऱ्यावर खिळतात आणि तो बाहेर पडतो तो संताप घेऊन. खिंडीतून बाहेर पडणारा प्रेक्षक बाजींबद्दल बोलत असतो. पाठलागावर आलेल्या सिद्दी मसूदचं नाव त्याला घरी पोहोचेपर्यंत आठवतही नाही. पोवाड्याला शत्रू तोलामोलाचा लागतो, नाहीतर मावळ्याच्या मरणाची किंमत उतरते. खान बलाढ्य नसेल तर प्रतापगड घडलाच नाही. प्रतापगडाच्या पायथ्याशी खानाची कबर आहे, ही गोष्ट त्या कथेच्या विरोधात जात नाही, तिच्यात बसते. हा भेद प्रत्येक चित्रपट सांभाळतो असा माझा दावा नाही. लांजेकरांच्या चित्रपटांतही खलनायकाच्या डोळ्यांत घातलेला सुरमा आणि मोठाल्या घासांनी तोडलेलं मांस हे स्वस्त प्रकार आहेत. पण त्यांच्या कथेचा कणा दुसरीकडे आहे, आणि टिकून राहिला आहे तो कणा.

कोणी म्हणेल, हे सगळं सह्याद्रीच्या खोऱ्यातल्या लोकांचं पूर्वजप्रेम आहे. मालुसऱ्यांचे, बांदलांचे, जेध्यांचे वंशज आपल्या घराण्याची गोष्ट पाहायला जाणारच. मग मराठवाड्याचं काय करायचं? हा मुलूख १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात होता. टिळकांच्या काळात पुण्या-मुंबईकडे शिवजयंतीचा उत्सव फोफावला तो सरहद्दीच्या पलीकडे. भोसल्यांचं मूळ घर वेरूळला, मालोजीराजांची गढी तिथली, हे खरं; पण खिंड नाही, कडा नाही, मावळ नाही. इथल्या प्रेक्षकाने कोंढाणा बहुधा शाळेच्या सहलीत पाहिलेला असतो, किंवा तोही नाही. तरी जालना, बीड, परभणीत हे चित्रपट त्याच ओढीने पाहिले जातात. आडनावाची ओढ असती तर ती घाटमाथ्यावरच थांबली असती.

इतिहासाच्या अभ्यासकांची तक्रार वेगळी आणि रास्त आहे. घोरपडीला दोर बांधून कडा चढल्याची गोष्ट सभासदात नाही. तिथे निवडक मावळे वानरासारखे चढतात. कोंढाण्याला सिंहगड हे नाव तानाजींच्या मरणानंतर मिळालं म्हणतात, पण १६७० च्या आधीच्या पत्रांतही ते नाव सापडतं. चित्रपट या दुरुस्त्या मनावर घेत नाहीत, आणि प्रेक्षकही त्यांच्यासाठी भांडत नाही. तो कशासाठी भांडतो, हे मात्र २०२२ मध्ये दिसलं. 'हर हर महादेव' या चित्रपटावर अनेक आक्षेप आले, ठिकठिकाणी खेळ बंद पाडले गेले. ते बंद पाडणं मला मान्य नाही. पण आक्षेपांतला एक फार बोलका होता. महाराज आणि बाजीप्रभू एकमेकांशी लढताना दाखवले, हे लोकांना सहन झालं नाही. घोरपड चालते, नसलेला संवाद चालतो, सनावळीचा घोळही चालतो. राजा आणि साथीदार यांच्या नात्याला हात लावलेला चालत नाही. ज्या ठिकाणी समाज सूट द्यायला तयार नसतो, तिथेच त्याच्या दृष्टीने गोष्टीचा जीव असतो. त्याच नात्याचं ओझं नटांवरही येतं. एप्रिल २०२४ मध्ये मांडलेकरांनी कुटुंबावर होणाऱ्या समाजमाध्यमी शेरेबाजीला वैतागून ही भूमिका यापुढे करणार नाही असं जाहीर केलं. एवढ्या चित्रपटांची पुण्याई कामी आली नाही.

मग या मालिकांना जोखायचं कशावर? माझ्या मते, त्या नावं कोणाची घेतात यावर. जिवा महाला आणि शिवा काशीद दोघेही नाभिक समाजातले. परंपरेने त्यांना विसरू दिलं नाही. बहिर्जी नाईक रामोशी, आणि हेरगिरीच्या प्रत्येक चित्रपटात ते असतातच. पण पन्हाळ्याच्या त्याच वेढ्याच्या वेळी महाराजांच्या बाजूने सिद्दी हिलाल लढायला आले होते आणि त्यांचा मुलगा वाहवाह त्या लढाईत जखमी होऊन शत्रूच्या हाती लागला, हे परमानंदाने 'शिवभारता'त नोंदवलं आहे. पोटचा मुलगा रणात गमावणारा सेनानी, समोर दुसरा सिद्दी: पोवाड्याला याहून काय हवं? या बापलेकांवर अजून स्वतंत्र चित्रपट नाही. शत्रूच्या धर्माबद्दलच्या त्या दुसऱ्या हरकतीला सर्वांत चोख उत्तर व्याख्यानातून मिळणार नाही, अशा एखाद्या चित्रपटातून मिळेल.

आणि एक नाव असं आहे, जे या साच्यात बसतच नाही. नेताजी पालकर. १९२७ आणि १९३९ च्या चित्रपटांना त्यांचं नाव होतं, प्रतिशिवाजी म्हणून त्यांची ख्याती होती. पण १६६६ मध्ये पन्हाळ्याच्या स्वारीत कुमक घेऊन ते वेळेवर पोहोचले नाहीत, महाराजांनी त्यांना सरनौबतीवरून काढलं, आणि ते आधी आदिलशहाकडे, मग मोगलांचे सेनापती मिर्झाराजे यांच्याकडे गेले. महाराज आग्र्याहून निसटल्यावर आपल्या मराठवाड्यातच, धारूरला, मोगलांनी त्यांना कैद केलं. दिल्लीला नेऊन बाटवलं, मुहम्मद कुलीखान हे नाव दिलं आणि काबूलच्या मोहिमेवर धाडलं. दहा वर्षांनी, १६७६ मध्ये, ते रायगडावर परत आले आणि महाराजांनी त्यांना शुद्ध करून जवळ घेतलं. शब्द पाळून मेलेल्यांची ही मालिका आहे. शब्द मोडला, दहा वर्षं दुसऱ्या नावाने जगला, आणि जिवंत परत आला, त्या माणसाचं काय करायचं, हे तिला शंभर वर्षांत उमगलेलं नाही.